विश्लेषण : फौजदारी खटला सुरू असताना सरकारी अधिकाऱ्याला बढती मिळते का?

लाच घेताना पकडला गेलेला अधिकारी पुन्हा सेवेत आला आणि पुढे त्याला बढतीही मिळाली, अशी बातमी वाचली की सामान्य माणसाचा संताप होतो. दुसरीकडे, दहा-बारा वर्षांनी निर्दोष सुटलेला कर्मचारी कार्यालयात परततो तेव्हा त्याचे कनिष्ठ केव्हाच त्याचे साहेब झालेले असतात. दोन्ही प्रकारांच्या मुळाशी एकच कार्यपद्धती आहे, ती म्हणजे मोहोरबंद लिफाफा.

लिफाफ्यात असते काय?

पदोन्नती हा कुणाचाही हक्क नाही. मात्र पदोन्नतीसाठी आपला विचार व्हावा, हा राज्यघटनेच्या अनुच्छेद १६ मधून येणारा मूलभूत हक्क आहे. त्यामुळे खटला सुरू असला तरी विभागीय पदोन्नती समितीला संबंधिताचे नाव बाजूला टाकता येत नाही. समिती इतरांप्रमाणेच त्याची पात्रता ठरवते, पण तो निष्कर्ष लिफाफ्यात घालून त्यावर मोहोर लावली जाते. कारवाई संपेपर्यंत लिफाफा उघडायचा नाही. वरची जागा तोवर केवळ तात्पुरती भरायची.

गुन्हा नोंदवला की बढती थांबते?

नाही. गैरसमज इथेच सर्वाधिक आहे. ‘भारत सरकार विरुद्ध के. व्ही. जानकीरामन’ या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९९१ मध्ये सांगितले की, केवळ तक्रार किंवा प्राथमिक चौकशी सुरू आहे म्हणून बढती अडवता येणार नाही. त्यासाठी विभागीय चौकशीचे दोषारोपपत्र किंवा फौजदारी न्यायालयातील आरोपपत्र हवे. त्यानंतर केंद्राने १४ सप्टेंबर १९९२ रोजी काढलेल्या सूचनांत तीनच प्रसंग आहेत : कर्मचारी निलंबित असणे, दोषारोपपत्र बजावून विभागीय चौकशी प्रलंबित असणे, किंवा फौजदारी आरोपावरून खटला प्रलंबित असणे. महाराष्ट्रातही मोहोरबंद पाकिटाची पद्धत आहे.

ही रेषा योग्यच आहे. निनावी अर्जावर एखाद्याची कारकीर्द थांबू लागली, तर बढतीच्या यादीआधी अर्जांचा पाऊस पडेल.

मग पळवाट कुठे आहे?

अभियोजन मंजुरीत. भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्याच्या कलम १९ नुसार न्यायालयाला खटल्याची दखल घेण्यासाठी सक्षम प्राधिकाऱ्याची मंजुरी लागते. म्हणजे फाइल जाते आरोपीच्याच वरिष्ठांकडे. निलंबन मागे घेतले, विभागीय दोषारोपपत्र काढले नाही आणि मंजुरीही दाबून ठेवली, तर तीनपैकी एकही अट लागू होत नाही. बढतीचा मार्ग मोकळा! २०१८ च्या दुरुस्तीत या निर्णयासाठी तीन महिने आणि गरज पडल्यास आणखी एक महिना ठरवला गेला. ही मुदत बंधनकारक असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये म्हटले, पण मुदत उलटली म्हणून खटला रद्द होणार नाही, असेही स्पष्ट केले. विलंबाबद्दल जबाबदारी निश्चित करायला हवी, ही अपेक्षा मात्र कार्यालयांत फारशी झिरपलेली दिसत नाही.

निर्दोष सुटल्यास काय?

लिफाफा उघडतो. समितीने पात्र ठरवले असेल तर कनिष्ठाला ज्या दिवशी बढती मिळाली, तो मानीव दिनांक धरून सेवाज्येष्ठता मिळते. थकबाकीचे काय? ‘काम नाही, तर वेतन नाही’ हे सूत्र पूर्ण निर्दोष ठरलेल्याला सरसकट लावता येत नाही, असे जानकीरामन निकाल सांगतो. कारण तो काम करायला तयार होता, प्रशासनानेच त्याला दूर ठेवले. संशयाचा फायदा मिळून सुटका झाली असेल किंवा विलंबाला तो स्वतः जबाबदार असेल, तर मात्र थकबाकी पूर्ण किंवा अंशतः नाकारता येते. त्याची कारणे लेखी नोंदवावी लागतात. शिक्षा झाली तर लिफाफ्यातील निष्कर्षाला अर्थ उरत नाही.

खटला वर्षानुवर्षे चालला तर?

खरी अडचण हीच आहे. ५४ व्या वर्षी आरोपपत्र दाखल झाले आणि निकाल लागेपर्यंत साठी उलटली, तर निवृत्तीनंतर उघडलेला लिफाफा निवृत्तिवेतनाच्या आकड्यात थोडी भर घालेल. पण ज्या पदावर काम करायचे होते, ते पद परत मिळत नाही. भ्रष्टाचाराचे खटले दोन वर्षांत संपवण्याचा प्रयत्न व्हावा आणि मुदतवाढीसह एकूण कालावधी सर्वसाधारणपणे चार वर्षांपेक्षा जास्त नसावा, असे कायदा २०१८ पासून सांगतो. कोर्टाची पायरी चढलेल्यांना याचे हसू येईल.

१९९२ च्या सूचनांत यावर उतारा आहे. दर सहा महिन्यांनी प्रकरणाचा आढावा घ्यायचा. पहिल्या बैठकीपासून दोन वर्षे उलटली आणि कर्मचारी निलंबित नसेल, तर त्याला तदर्थ पदोन्नती देता येते का, हे तपासायचे. आरोपांचे गांभीर्य, सार्वजनिक हित, खटला लवकर संपण्याची शक्यता आणि विलंब कुणामुळे झाला, हे मुद्दे पाहायचे. प्रकरण सीबीआयचे असेल तर तिचेही मत घ्यायचे. तरतूद समतोल आहे. दुखणे हे की ती प्रशासनाच्या मर्जीवर सोडली आहे. सहामाही आढाव्याची नोंद संबंधित कर्मचाऱ्याला लेखी कळवणे सक्तीचे केले, तरी निम्मी कुचंबणा टळेल.

तोवर केंद्रीय कर्मचाऱ्याने दोन वर्षे पूर्ण होताच तदर्थ पदोन्नतीच्या विचारासाठी लेखी अर्ज देऊन पोच जपून ठेवावी. अर्जावर निर्णयच झाला नाही, तर केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे ‘कॅट’मध्ये, ती पोच उपयोगी पडते. राज्याच्या कर्मचाऱ्यांसाठी असा मंच ‘मॅट’ आहे.