मातृभाषांची मोजदाद

१/ वागळे इस्टेटच्या कामगार वस्तीत मालवणी, अहिराणी आणि भोजपुरी भिंतीला भिंत लावून नांदतात. २०११ च्या जनगणनेने मात्र मालवणीला कोकणीत, अहिराणीला ‘खानदेशी’ या स्वतंत्र भाषेत आणि भोजपुरीला हिंदीत मोजले.

२/ हा निवाडा निव्वळ भाषाशास्त्राचा नव्हे. ग्रिअर्सनने आपल्या सर्वेक्षणात भोजपुरीला मैथिली-मगहीसह ‘बिहारी’ गटात ठेवले होते. २०११ च्या जनगणनेत हिंदीच्या ५२.८३ कोटी भाषकांत ५ कोटींहून अधिक भोजपुरी भाषक होते.

३/ भाषांची कुळे अभ्यासकांनी खुशाल ठरवावीत. मातृभाषेचे नाव सांगण्याचा अधिकार बोलणाऱ्याचाच. म्हणून शाळा, अकादमी, अनुदान यांचा विचार करताना शासनाने गटाची बेरीज नव्हे, नागरिकाने सांगितलेले नाव आधी वाचावे. बेरजेत हरवलेल्या भाषेला पाठ्यपुस्तक मिळत नाही.