‘थोडंसं चालतं’ असं म्हणू नका!



आज जरा रागातच लिहायला बसले आहे. मागच्या महिन्यात घरी सगळे जमलो होतो. माझी नात आठ वर्षांची आहे. दोन वर्षांपूर्वी रक्ताची तपासणी झाली, मग एंडोस्कोपी झाली आणि तिला सिलिअ‍ॅक असल्याचं कळलं. गहू बंद, रवा-मैदा बंद, जवसुद्धा बंद, तेही जन्मभर. हे सगळ्यांना माहीत असूनही माझ्या नणंदेने पोळीचा तुकडा तिच्या ताटात ठेवला आणि म्हणाली, “वहिनी, एवढंसं चालतं हो. आमच्या वेळी कुठे होतं असलं काही?”

याच वन्सं एकदा लग्नाच्या पंगतीत भरल्या ताटावरून उठल्या होत्या. कांद्याच्या भाजीचा डाव वरणात बुडवलेला त्यांनी पाहिला होता. मला तेव्हा त्यांचा अभिमानच वाटला होता. मग मी त्यांना विचारलं, “वन्सं, तेव्हा तुम्हाला कोणी ‘थोडंसं चालतं’ म्हटलं असतं तर?” त्या गप्प बसल्या. पण असं म्हणणाऱ्या त्या एकट्या नाहीत, म्हणून हा लेख.

‘आमच्या वेळी नव्हतं’ हे खरं नाही. विलेम डिके नावाच्या डच बालरोगतज्ज्ञांनी या आजाराचा गव्हाशी असलेला संबंध 1950 साली आपल्या प्रबंधात मांडला. म्हणजे माझ्या जन्माआधीच! आजार होताच. आपण त्या मुलांना ‘अंगी लागत नाही’, ‘किडकिडीत आहे’ म्हणून सोडून देत होतो. यात ग्लुटेनमुळे शरीराची स्वतःचीच संरक्षक यंत्रणा लहान आतड्याच्या अस्तरावर हल्ला करते. त्यावर उपचार एकच, ग्लुटेन पूर्ण वर्ज्य.

मी कॉमर्सची, तेव्हा हिशोब मांडते. आपल्या देशातल्या नियमाप्रमाणे ‘ग्लुटेन फ्री’ लिहायचं तर एक किलो पदार्थात 20 मिलिग्रॅमपेक्षा जास्त ग्लुटेन नको. 30 ग्रॅम कणकेच्या एका पोळीत ते सुमारे 2 ग्रॅम, म्हणजे 2000 मिलिग्रॅम तरी असतं. त्या पोळीचा शंभरावा भाग किलोभर अन्नात मिसळला की मर्यादा संपली. आता सांगा, ‘थोडंसं’ म्हणजे किती?

दुसरा टोमणा माझ्या स्वयंपाकावर होता. “जैनांच्या घरात हे मेक्सिकोचं कशाला?” त्या दिवशी मी ज्वारीचा एन्चिलाडा केला होता. मेक्सिकोत मका चुन्याच्या पाण्यात शिजवून वाटतात, त्याच्या पातळ टोर्टिया करतात आणि मिरचीच्या रश्शात बुडवून आत सारण भरतात. गहू नाहीच. आपली भाकरी तिची दूरची बहीण. दोघींत ग्लुटेन नाही, म्हणून दोघी लाटताना फाटतात आणि दोघींना हाताची सवय लागते. आणि परकं म्हणाल तर मिरची, टोमॅटो, मका, राजमा हे सगळं तिकडच्याच खंडातून आपल्याकडे आलं आहे.

मी दोन वाट्या ज्वारीच्या पिठाची उकड काढते, मळून प्लॅस्टिकच्या दोन कागदांमध्ये दाबते आणि तव्यावर भाजते. सारणाला शिजवून ठेचलेला राजमा आणि ढोबळी मिरची. रश्शाला चार टोमॅटो, भिजवलेल्या पाच-सहा ब्याडगी मिरच्या, तीन चमचे दाण्याचं कूट, एक चमचा भाजलेले तीळ. दाटपणा कुटाने येतो, मैदा लागत नाही. तिकडेही शेंगदाण्याचे, तिळाचे रस्से करतात. वरून दही घालत नाही, कडधान्यावर कच्चं दही म्हणजे द्विदल. त्याऐवजी लिंबू पिळते. सूर्यास्ताच्या आत सगळे एकाच तव्यावरचं खातो. नातीचं ताट वेगळं वाढणं मला मान्य नाही. आजाराची शिक्षा पोरीला का?

आता माझी चूक. पहिल्यांदा हा पदार्थ केला त्या रात्री तिचं पोट दुखलं. मी सगळं तपासलं होतं, असं मला वाटत होतं. दुसऱ्या दिवशी डबे काढून बसले. हिंगाच्या डबीवर बारीक अक्षरांत ‘गव्हाचं पीठ’ लिहिलेलं! कांदा-लसूण नाही म्हणून आपण हिंगावर चालवतो, आणि बांधानी हिंगात बहुतेक वेळा गव्हाचंच पीठ असतं. शिवाय पिठाची मर्यादा पाळायची म्हणून मी घरघंटीत ताजी ज्वारी दळली होती, पण आदल्या दिवशी त्याच घंटीत गहू दळला होता. पोलपाटही पोळ्यांचाच. नक्की कशाने दुखलं ते कळलं नाही, पण चुका तिन्ही माझ्याच होत्या. आता तिचं पोलपाट-लाटणं, तवा आणि चाळणी वेगळी आहे, तिचं दळण घंटीत जात नाही आणि फोडणीला नुसतं जिरं-ओवा घालते.

बायांनो, चुकीचं मला तेवढं वाईट वाटत नाही, चूक सुधारता येते. चीड येते ती ‘चालतं’ या शब्दाची. पाण्यातल्या न दिसणाऱ्या जिवांसाठी आपण रोज पाणी गाळतो. पावसाळ्यात पीठ तीन दिवसांवर ठेवत नाही. मग समोर बसलेल्या, आजी म्हणून हाक मारणाऱ्या जिवाच्या पोटात आपल्या हाताने दुखणं कसं घालतो? डोळ्यांना न दिसणारंही मोजायचं असतं हे ज्यांना लहानपणापासून शिकवलं, त्यांनीच ते इथे विसरायचं?

तुमच्या घरी असं मूल जेवायला येणार असेल तर आधी हिंगाची डबी वाचा. आणि कोणी ‘एवढंसं चालतं’ म्हणालं, तर पाहुण्यांसमोर भीड बाळगू नका. तो तुकडा ताटातून उचला.