विश्लेषण : चेहऱ्याचे मोल केवळ प्रसिद्धांनाच?

नवी दिल्ली : आपले नाव, आवाज वा चेहरा परवानगीशिवाय कोणी व्यापारासाठी वापरू नये, यासाठी दिल्ली उच्च न्यायालयाने २०२२ मध्ये अमिताभ बच्चन यांना आणि २०२३ मध्ये अनिल कपूर यांना अंतरिम संरक्षण दिले. मुंबई उच्च न्यायालयाने २०२४ मध्ये गायक अरिजित सिंह यांनाही असाच दिलासा दिला. प्रसिद्ध चेहऱ्याला कायद्याचे कवच मिळत असताना, प्रसिद्ध चेहरे पुढे करून सामान्यांच्या चेहऱ्यात उणीव शोधणाऱ्या जाहिरातींचा प्रश्न मात्र मागे राहिला आहे.

गोरेपणाची क्रीम हे त्याचे ठळक उदाहरण. १९७५ मध्ये भारतीय बाजारात आलेल्या ‘फेअर अँड लव्हली’च्या जाहिरातींतून वर्षानुवर्षे एकच कथा सांगितली गेली. सावळी मुलगी नोकरीत वा लग्नाच्या बाजारात मागे पडते आणि रंग उजळताच तिचे नशीब पालटते. शिक्षण, गुण, कर्तृत्व गौण ठरून माणसाची किंमत त्वचेच्या छटेवर आली.

भारतीय जाहिरात मानक परिषदेने २०१४ मध्ये, सावळ्या व्यक्तींना दुःखी अथवा विवाह व नोकरीसाठी कमी पात्र दाखवू नये, असे निर्देश दिले. जगभरातील वर्णभेदविरोधी आंदोलनांच्या पार्श्वभूमीवर २०२० मध्ये या क्रीमच्या नावातील ‘फेअर’ जाऊन तेथे ‘ग्लो’ आले. शब्द बदलला, तरी आरशात उणीव शोधायला लावून वस्तू विकण्याची रीत बदललेली नाही.

ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ अन्वये दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीत झळकणाऱ्या प्रसिद्ध व्यक्तीला १० लाख रुपयांपर्यंत आणि पुन्हा तसे घडल्यास ५० लाख रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. जाहिरात करण्यास एक ते तीन वर्षांपर्यंत मनाईही करता येते. मात्र दाव्याची योग्य शहानिशा केली असल्यास ती व्यक्ती दंडातून सुटते. येथे कसोटी सत्याची आहे, सन्मानाची नाही. अवाक्षरही खोटे न बोलता माणसाला कमी लेखता येते, हे या कसोटीत बसत नाही.

मुलांच्या मनात स्वतःच्या शरीराविषयी नकारात्मक प्रतिमा निर्माण करणाऱ्या जाहिरातींना केंद्राच्या २०२२ च्या मार्गदर्शक तत्त्वांनी मज्जाव केला आहे. तोच निकष प्रौढांनाही लावण्याचा विचार व्हायला हवा. स्वतःच्या चेहऱ्याचा सन्मान न्यायालयात मागणाऱ्या प्रसिद्धीच्या जगाने करारावर सही करताना प्रेक्षकाच्या सन्मानाचीही शहानिशा करावी, ही अपेक्षा अवाजवी नाही.