रेडिओ इंटरनेटने मारला? थापा!

परवा ऑफिसात जेवताना विषय निघाला आणि माझं डोकं फिरलं. टीममधला एक नवीन पोरगा (हुशार आहे, वाद नाही) म्हणाला, "चांगली रेडिओ स्टेशनं संपली कारण इंटरनेट आलं. टेक्नॉलॉजी बदलते, जुनं मरतं. सिंपल." टेबलावरच्या सगळ्यांनी माना डोलावल्या. माझ्या तोंडात पोळीचा घास होता. तो गिळेपर्यंत गाडी क्रिकेटवर गेलेली. जेवणाच्या टेबलावर राहून गेलेलं भांडण घरी घेऊन यायची मला जुनी खोड आहे. आज शनिवार आहे, समोर चहा आहे, तेव्हा ते भांडण आता इथे करतो.

"जुनं मरतं" हे वाक्य आपल्या धंद्यातल्या लोकांना फार आवडतं. कारण त्यात कोणाचाच दोष नसतो. पाऊस पडतो, आंबे पिकतात, स्टेशनं मरतात. पण मी एका स्टेशनच्या मरणाला थोडाफार साक्षीदार आहे, आणि थोडाफार आरोपीही. म्हणून त्याचीच गोष्ट सांगतो.

अमेरिकेत ओहायो राज्यात ऑक्सफर्ड नावाचं गाव आहे. इंग्लंडातलं नव्हे. तिथे मायामी युनिव्हर्सिटी आहे, तीही फ्लोरिडातली नव्हे. :) सिनसिनाटीपासून पन्नास-साठ किलोमीटर, विद्यार्थी धरून वीसेक हजार वस्ती. इथे ९७.७ मेगाहर्ट्झवर डब्ल्यूओएक्सवाय नावाचं छोटं एफएम स्टेशन होतं, ताकद ३,००० वॅट. १९८१ साली डग आणि लिंडा बॅलो या नवरा-बायकोने ते विकत घेतलं, आणि १९८३ मध्ये ठरवलं की इथून पुढे 'मॉडर्न रॉक' वाजवायचं. स्टेशनचं नाव पडलं '९७एक्स', आणि घोषवाक्य "द फ्युचर ऑफ रॉक अँड रोल". 'रेन मॅन' (१९८८) पाहिलाय ना? त्यात डस्टिन हॉफमन गाडीत बसून एकच जिंगल पुन्हा पुन्हा बडबडत राहतो. ती याच स्टेशनची.

१९८३ मध्ये हे ठरवणं म्हणजे काय, ते लक्षात घ्या. आर. ई. एम., द स्मिथ्स असल्या मंडळींना तेव्हा मोठी व्यावसायिक स्टेशनं फारशी दारात उभी करत नव्हती. हे संगीत कॉलेजच्या हौशी स्टेशनवर वाजायचं, जिथे पगार नसतो आणि जाहिराती नसतात. ९७एक्स मात्र धंदा करणारं स्टेशन होतं. जाहिराती विकायच्या, पगार द्यायचे, विजेचं बिल भरायचं, आणि तरी लोकांनी अजून न ऐकलेलं वाजवायचं. शिवाय आजूबाजूच्या गावांतले बँड होतेच. डेटनचे 'गायडेड बाय व्हॉइसेस' आणि 'द ब्रीडर्स', सिनसिनाटीचे 'अफगान व्हिग्ज'. दरवर्षी मे अखेरीस मेमोरियल डेच्या सुट्टीत 'मॉडर्न रॉक ५००' असायचं, म्हणजे ५०० गाण्यांची उलटी मोजणी. इंडियानापोलिसची ५०० मैलांची मोटार शर्यतही त्याच सुट्टीत, तेव्हा शेजारच्या राज्यात गाड्या पळायच्या आणि इकडे गाणी.

हे २१ वर्षं चाललं. मुद्दाम आकडा लिहितोय, कारण "एवढं छान होतं तर चाललं का नाही?" हा पुढचा प्रश्न ठरलेला असतो. अरे बाबा, चाललं! २१ वर्षं चाललं. आपल्यातल्या किती जणांनी लिहिलेलं सॉफ्टवेअर २१ वर्षं चाललंय? माझं तर २१ महिनेही टिकत नाही.

मग २००४ साली झालं काय?

स्टेशन विकलं गेलं, ५६ लाख डॉलरला. घेणाऱ्यांना ना रॉकशी घेणं होतं ना ऑक्सफर्डशी. त्यांना परवाना हवा होता. अमेरिकेत एफएमचा परवाना एखाद्या गावाच्या नावाने असतो, पण सरकारी परवानगी काढून गाव बदलता येतं. लहान गावातला परवाना घ्यायचा, मोठ्या शहराजवळ सरकवायचा, की त्याची किंमत वाढते. शेतजमीन घेऊन एनए करण्याचा प्रकार आपल्याला नवीन नाही, हेही तेच, फक्त हवेतलं. ९७.७चा परवाना पुढे सिनसिनाटीजवळच्या मेसन गावाच्या नावावर गेला. १३ मे २००४ला एफएमवरचं ९७एक्स बंद झालं.

आता सांगा, यात इंटरनेट कुठे आलं?

यात आला तो १९९६चा दूरसंचार कायदा. त्याआधी अमेरिकेत एका कंपनीला देशभरात जास्तीत जास्त २० एएम आणि २० एफएम स्टेशनं ठेवता येत होती. १९९६ला ही देशपातळीवरची मर्यादा काढून टाकली. काही वर्षांतच क्लिअर चॅनल या एका कंपनीकडे १,२००हून अधिक स्टेशनं झाली. स्टेशनं डझनाने विकली जाऊ लागली, की परवान्याची किंमत त्यावर काय वाजतं यावरून ठरत नाही, कुठपर्यंत पोचतं यावरून ठरते. दोन दशकं राबलेल्या नवरा-बायकोने चांगला भाव घेतला, यात त्यांना दोष द्यायला मी बसलेलो नाही. तुम्ही-आम्हीही घेतला असता. दोष त्या नियमाचा, ज्याने स्टेशनपेक्षा त्याच्या जागेला जास्त भाव आणला. तो नियम कोणीतरी लिहिला, कोणीतरी मंजूर केला. आपोआप पिकलेला आंबा नव्हता तो.

आणि आता गंमत ऐका. ज्या इंटरनेटवर खुनाचा आळ आहे, त्यानेच या स्टेशनला वाचवलं होतं. २००४च्या जुलैमध्ये काही गुंतवणूकदारांच्या पैशावर हेच स्टेशन निव्वळ इंटरनेटवर परत आलं. तीच परंपरा, आता वॅटची मर्यादा नाही, गावाची नाही.

इथे माझा प्रवेश होतो. २००५ साल, पुणे, क्लायंट सिनसिनाटीचा, मी सेकंड शिफ्टला. तिकडच्या एका सहकाऱ्याने लिंक पाठवली, "रात्री बिल्ड लावलास की ऐक." लावलं. दोन मिनिटांत बंद केलं. पिक्सीज चालू होते, मला वाटलं हा काय आरडाओरडा! दुसऱ्या दिवशी दुसरं काहीतरी होतं, बरं वाटलं, चालू ठेवलं. आठवड्याभराने पिक्सीज पुन्हा आले. तिसऱ्यांदा आले तेव्हा मी बिल्ड संपल्यावरही बसून राहिलो. घरी कॅसेट होत्या त्या बाबूजींच्या आणि हृदयनाथांच्या. हा कान मला त्या स्टेशनवरच्या माणसांनी दिला. पगार झाल्यावर लक्ष्मी रोडवरून चांगले हेडफोन आणले, खास त्यासाठी.

२००६ साली स्टेशनने श्रोत्यांकडे पैसे मागितले. वर्गणी भरा, नाहीतर चालणार नाही. मी भरली नाही. कार्ड होतं, पैसे होते. मनात म्हटलं, एवढ्या जगात कोणीतरी भरेलच की. पुरेसे लोक निघाले नाहीत आणि सप्टेंबर २००६ मध्ये स्टेशन बंद पडलं. हेडफोनला पैसे होते, हेडफोनमधून जे येत होतं त्याला नव्हते. हे वाक्य मला आजही टोचतं.

पुढचं थोडक्यात. काही आठवड्यांतच लाला नावाच्या कंपनीने ते उचललं, परत सुरू झालं. २००९ मध्ये पुन्हा मालक बदलला, बिऱ्हाड टेक्ससमधल्या ऑस्टिनला हललं. २३ मार्च २०१० रोजी कायमचं बंद.

"म्हणजे शेवटी इंटरनेटवरच मेलं ना?" हो. पण का, ते बघा. आपण इंजिनियर आहोत, तेव्हा आपल्या भाषेत बोलू. एफएमला एक श्रोता असो की एक लाख, मनोऱ्याचा खर्च तोच. इंटरनेटवर प्रत्येक श्रोत्यामागे बँडविड्थ लागते, म्हणजे खर्च श्रोत्यांबरोबर वाढतो. त्यावर कायद्याची फोडणी अशी, की अमेरिकेत एफएम स्टेशन गीतकार-संगीतकारांना मानधन देतं, पण ध्वनिमुद्रणाचं, म्हणजे गायक आणि रेकॉर्ड कंपनीचं, देत नाही. इंटरनेट स्टेशनला दोन्ही द्यावी लागतात. २००७ साली सरकारी मंडळाने दर ठरवले. एका श्रोत्याने एक गाणं ऐकलं की २००६साठी ०.०८ सेंट, आणि चढत चढत २०१०साठी ०.१९ सेंट. फुटकळ वाटतं? समजा चोवीस तास सरासरी १,००० श्रोते आहेत, तासाला १५ गाणी. दिवसाला ३ लाख ६० हजार वेळा मीटर पडला. ०.१९ सेंटने ६८४ डॉलर रोज, वर्षाला जवळजवळ अडीच लाख. लहान स्टेशनांसाठी पुढे सवलतीचे करार झाले, ते खरं. पण मुळातला हिशेब असा की एफएमवर श्रोते वाढले की मालक खूश, आणि इंटरनेटवर श्रोते वाढले की मालकाच्या पोटात गोळा. हा फरक नुसत्या केबलने केलेला नाही, कायद्याने केलाय. कलाकाराला पैसे मिळायलाच हवेत. मग मनोरेवाल्यांना माफी का?

आता शेवटचा आणि माझ्या मते सगळ्यात लबाड युक्तिवाद. "आता अल्गोरिदम आहे, स्टेशन हवंय कशाला?"

मंडळी, मी तीन वर्षं गाणी सुचवणाऱ्या एका ॲपचं काम केलंय. आम्ही मुख्यतः काय मोजायचो? श्रोत्याने गाणं पुढे ढकललं का. पहिल्या तीस सेकंदांत ढकललं तर त्या गाण्याला दंड, पुढच्या वेळी ते खाली. तो दंड लावणाऱ्या कोडचा काही भाग माझा आहे. चांगलं कोड होतं, बग नव्हते. आणि त्या कोडने २००५चा मी काय ऐकला असता? पिक्सीज एकदा. फक्त एकदाच. मी बंद केलं, विषय संपला, जन्मात पुन्हा नाही.

आणि हे नवीन आहे असंही समजू नका. अमेरिकेतली मोठी स्टेशनं कितीतरी आधीपासून लोकांना फोन करून गाण्याचे काही सेकंदांचे तुकडे ऐकवायची आणि विचारायची, आवडलं का, कंटाळा आला का. ज्या गाण्यावर कोणी नाक मुरडलं नाही ते दिवसभर. आमचं कोड त्या फोनवाल्या बाईचंच काम करत होतं, फक्त फुकट आणि रात्रंदिवस. दोघांचा प्रश्न एकच, "श्रोता कशाने पळून जाईल?" ९७एक्सवर बसलेल्या माणसाचा प्रश्न वेगळा होता, "श्रोत्याने काय ऐकायला हवं?" त्यात उद्धटपणा आहे, मान्य. चुकण्याची शक्यता आहे, तीही मान्य. पण चुकला तर कोण चुकला ते कळायचं, त्याला नाव होतं. आमच्या कोडला कोणी शिव्या घालत नाही, कारण ते कधी नावडतं काही ऐकवतच नाही.

आपल्याकडे तर खाजगी एफएमची सुरुवातच परवान्यांच्या लिलावाने झाली. १९९९चं धोरण, मग बोली, आणि २००१ साली बंगलोरला पहिलं स्टेशन. आधी परवान्याची किंमत वसूल करायची, मग आवडीनिवडी. आज एक शहर सोडून दुसऱ्यात गाडी शिरली तरी तीच चार गाणी का ऐकू येतात, याचं उत्तर मला तरी यातच दिसतं. ऑक्सफर्डला जे २००४ साली झालं, तिथून आपण सुरुवात केली.

तेव्हा त्या हुशार पोराला माझं उत्तर असं. ते स्टेशन टेक्नॉलॉजीने मारलं नाही. मालकीची मर्यादा उठवणाऱ्यांनी एकदा मारलं, दराचं गणित लिहिणाऱ्यांनी मग त्याचा श्वास कोंडला, आणि मधल्या मधे, वाचवणं अगदी शक्य असताना, माझ्यासारख्या फुकट्या श्रोत्यांनी मारलं. यातल्या पहिल्या दोघांचं मी फार काही करू शकत नाही. तिसऱ्याचं करू शकतो. आता मी सिएटलच्या केईएक्सपीला दर महिन्याला पैसे पाठवतो. ते स्टेशन श्रोत्यांच्या देणग्यांवर बरंचसं चालतं, आणि तिथे गाणी अजून माणसं निवडतात. तुम्ही हेच करा असं नाही. पण तुमच्यासाठी काहीतरी निवडणारा एखादा माणूस असेल, गाणी, पुस्तकं, सिनेमे, काहीही, तर त्याने पैसे मागण्याआधी द्या. मागायची वेळ आली म्हणजे उशीर झालेला असतो.

ते हेडफोन अजून आहेत. डावी बाजू गेलीय, टाकवत नाहीत. असो. चहा गार झाला. सोमवारी जेवताना आधी बोलणार, मग घास.