धूर नसलेली चिमणी

गिरणगावातील बहुतेक गिरण्या पडल्या. काही चिमण्या मात्र जपल्या गेल्या. लोअर परळला फिनिक्स मिलच्या जागी आज मॉल आहे आणि त्याच्या झगमगाटात गिरणीची जुनी चिमणी उभी आहे. ही चिमणी नकली नव्हे. तिची वीट न् वीट अस्सल आहे. तरीही तेथे ती केवळ नेपथ्य होऊन राहिली आहे.

१८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईतील सुमारे अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले. त्यांतील असंख्यांना गिरणीचे दार पुन्हा उघडले नाही. पुढे १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीने गिरण्यांच्या जमिनीचा सुमारे एक-तृतीयांश हिस्सा शहराच्या मोकळ्या जागांसाठी व जवळपास तेवढाच सार्वजनिक घरबांधणीसाठी ठेवला. २००१ च्या दुरुस्तीने ही वाटणी गिरणीच्या आवारातील केवळ मोकळ्या जमिनीपुरती आखडली आणि २००६ साली सर्वोच्च न्यायालयाने ती दुरुस्ती ग्राह्य धरली. शहराच्या पदरी तुकडे पडले.

कृत्रिमता म्हणजे केवळ कागदी फुले, असे मानणे भाबडेपणाचे ठरेल. श्रमापासून तोडलेली अस्सल वस्तू अधिक फसवी असते. कारण ती स्मरणाचा आव आणून विस्मरण घडवते. चिमणी जरूर जपावी. परंतु गिरणीच्या भोंग्यावर ज्यांची आयुष्ये बांधलेली होती, त्यांचे वारस आजही घरांच्या सोडतीची वाट पाहत आहेत. त्यांना घरे मिळत नाहीत तोवर जपलेल्या विटांना वारसा म्हणण्याचा अधिकार कोणाला आहे?