भिंतीवरून दालनात

बर्लिनमधील नोलेनडॉर्फप्लात्स या स्थानकावर उतरून भुयारी रेल्वेच्या खांबांच्या कडेने थोडे चालत गेले (भुयारी रेल्वेला खांब कसे, असे वाचक विचारतील, ती विसंगती त्या शहराची आहे, या भागात तेथील भुयारी रेल्वे डोक्यावरून धावते) की ब्यूलोश्ट्रासे या रस्त्यावर सात क्रमांकाचे घर लागते. तेथे २०१७ सालच्या सप्टेंबरात ‘अर्बन नेशन’ या नावाचे संग्रहालय सुरू झाले. रस्त्यावरील चित्रकला, जिला आता सर्वत्र ‘स्ट्रीट आर्ट’ असे म्हणतात, हा त्याचा विषय. एका परिसंवादाच्या निमित्ताने त्या शहरी जाण्याचा योग आला, एक दुपार मोकळी मिळाली, आणि मोठ्या संग्रहालयांचे दमविणारे वैभव टाळून मी येथे गेले.

प्रवेशशुल्क नव्हते. पैशाच्या पाकिटाकडे गेलेला हात मला तसाच मागे घ्यावा लागला. ही बाब किरकोळ नव्हे. युरोपातील काही शहरांत याच कलेची प्रदर्शने भारी तिकीट लावून भरविली जातात, आणि जे चित्र मुळात भाजी आणावयास निघालेल्या माणसाने फुकट पाहावे म्हणून काढले गेले, त्याच्यापुढे उभे राहण्याचे मोल तेथे मोजून द्यावे लागते. येथे तो पहिला अपमान तरी टळला होता. अर्थात शुल्क नाही म्हणजे खर्च नाही असे नव्हे. सार्वजनिक मालकीच्या एका गृहनिर्माण कंपनीने स्थापन केलेले प्रतिष्ठान हे संग्रहालय चालविते. भिंतींचा मालकच भिंतीवरील चित्रांचा यजमान व्हावा, ही गोष्ट मनात नोंदवून मी आत गेले.

या कलेला मराठीत काय म्हणावे, हा प्रश्न मला तेथेही सुटला नाही. भित्तिचित्र म्हटले की आपल्यापुढे अजिंठा उभा राहतो, आणि तेथील भिंत तर दात्याच्या धनातून चित्रासाठीच सिद्ध झालेली. रस्त्यावरील चित्राची भिंत दुसऱ्या कोणाची असते, पुष्कळदा परवानगीवाचून घेतलेली असते, आणि उद्या तिच्यावर चुना फासला जाईल हे चित्रकाराला कुंचला उचलतानाच ठाऊक असते. परकी भिंत, वाटसरू प्रेक्षक आणि अल्प आयुष्य या तिहींवाचून ही कला संभवतच नाही. मग तिचे संग्रहालय म्हणजे नेमके कशाचे संग्रहालय?

दालनांत मांडलेल्या बहुतेक कृती रस्त्यावरून उचलून आणलेल्या नव्हत्या. रस्त्यावर नाव कमावलेल्या कलावंतांनी त्या कॅनव्हासवर वा फलकांवर केलेल्या होत्या. त्यांत कौशल्य आहे, विनोद आहे, रंगांची निर्भय उधळण आहे. तरीही त्या पाहताना ध्वनिमुद्रिकेवर कीर्तन ऐकत असल्यासारखे मला सारखे वाटत राहिले. बुवांचा आवाज तोच, चालही तीच. पण मध्येच रडणारे मूल नाही, उशिरा येऊन पुढे घुसणारा श्रोता नाही, आणि त्याला उद्देशून बुवांनी मारलेला टोमणाही नाही. या कृतींना चित्रे म्हणावे, चांगली चित्रे म्हणावे. त्यांना रस्त्यावरची कला म्हणण्याचे कारण मला दिसले नाही.

मी खऱ्या अर्थाने थबकले ती मार्था कूपर या नावापाशी. येथील ग्रंथालयाला या अमेरिकन छायाचित्रकर्तीचे नाव दिलेले आहे. सत्तरीच्या दशकाच्या अखेरीस न्यूयॉर्कमधील एका दैनिकासाठी काम करीत असताना कूपरबाईंचे लक्ष तेथील रेल्वेच्या डब्यांवर रात्री चोरून रंगविलेल्या अक्षरचित्रांकडे गेले. रात्री यार्डात रंगविलेला डबा सकाळी शहरभर फिरे, आणि तो केव्हा पुसला जाईल याचा नेम नसे. बाई ब्राँक्समधील ओसाड मोकळ्या जागांवर तासन् तास उभ्या राहत. योग्य उजेडात योग्य गाडी जाईल तेव्हा तिला टिपत. त्यांचे सहकारी हेन्री चॅल्फंट यांची रीत निराळी. फलाटावर उभ्या असलेल्या गाडीची ते ओळीने अनेक छायाचित्रे घेत आणि ती जोडून अखंड डबा सिद्ध करीत. दोघांचे ‘सबवे आर्ट’ हे पुस्तक १९८४ साली प्रसिद्ध झाले. पुढे १९८९ मध्ये न्यूयॉर्कच्या रेल्वेने रंगविलेली शेवटची गाडी मार्गावरून काढून घेतली. म्हणजे त्या पुस्तकातील एकही डबा आज तसा कोठे उभा नाही. जे शिल्लक आहे ते एवढेच: चित्र, त्यामागचे आकाश, पडकी घरे, डब्याच्या खिडकीतून दिसणारा एखादा प्रवासी. येथे मात्र मला रस्ता भेटला.

याच्या उलट टोकाला असलेले उदाहरण त्याच बर्लिनमध्ये घडले आहे, आणि ते विसरून या विषयावर मत देणे अप्रामाणिकपणाचे होईल. ‘ब्लू’ या टोपणनावाने ओळखल्या जाणाऱ्या इटालियन चित्रकाराने क्रॉइत्सबेर्ग या वस्तीत, स्प्रे नदीजवळच्या कूव्री रस्त्यावर, २००७ आणि २००८ या वर्षी दोन प्रचंड चित्रे काढली. एका चित्रात दोन आकृती परस्परांचे मुखवटे ओढून काढीत होत्या आणि बोटांनी पूर्व व पश्चिम यांची आद्याक्षरे दाखवीत होत्या. दुसऱ्यात सोन्याच्या घड्याळांनी हात जखडलेला, शिर नसलेला एक साहेब गळ्यातील टाय सावरीत होता. समोरच्या मोकळ्या जागेत बेघरांनी झोपड्या बांधल्या होत्या. २०१४ च्या सप्टेंबरात आग लागली आणि त्यानंतर ती जागा रिकामी करण्यात आली. तेथे मोठे बांधकाम व्हावयाचे होते. विस्थापनावर बोट ठेवणारे चित्रच जागेची शोभा, म्हणून तिची किंमत, वाढवू लागले होते. त्याच वर्षीच्या डिसेंबरात एका रात्री, चित्रकाराच्या संमतीने, दोन्ही चित्रे काळ्या रंगाने बुजविण्यात आली. आज तेथे कार्यालयांची नवी इमारत आहे.

दोनच वर्षांनी, २०१६ च्या मार्चमध्ये, बोलोन्या शहरात याच चित्रकाराने स्वतःची वीस वर्षांची भित्तिचित्रे करड्या रंगाने झाकून टाकली. निमित्त होते एका प्रदर्शनाचे. त्यात भिंतींपासून सोलून काढलेली चित्रे, त्याच्या स्वतःच्या चित्रांसह, कलावंतांची अनुमती न घेता मांडली जाणार होती. पडणाऱ्या इमारतींवरील चित्रे आम्ही वाचवीत आहोत, असा आयोजकांचा दावा होता.

या प्रसंगी माझी सहानुभूती निःसंशय चित्रकाराच्या बाजूने आहे. पण ती सुखाची नाही. ज्या रहिवाशांनी वर्षानुवर्षे रोज सकाळी तो शिरविहीन साहेब पाहिला, त्यांचा त्या चित्रावर काहीच हक्क नव्हता काय? लेखकाने आपले हस्तलिखित जाळले तर आपण हळहळतो आणि गप्प बसतो, कारण ते अजून त्याचेच असते. लोकांच्या तोंडी गेलेल्या रचनेचे मात्र तसे नसते. तुकोबांच्या वह्या इंद्रायणीत बुडविल्या गेल्या, त्या तेरा दिवसांनी वर आल्या, ही आख्यायिका सर्वांना ठाऊक आहे. चमत्कार बाजूला ठेवून तिचा अर्थ लावणारे सांगतात की अभंग लोकांना मुखोद्गत होते, म्हणून ते तरले. चित्राला ही सोय नाही. चित्र कोणाला पाठ होत नाही. आठवण राहते, पण दहा जणांच्या आठवणी एकत्र करूनही भिंत पुन्हा उभी राहत नाही. म्हणून मला असे वाटू लागले आहे की रस्त्यावरील चित्राचे पाठांतर म्हणजे त्याचे छायाचित्र, आणि या कलेच्या संग्रहालयाने जे करावयाचे ते हेच. भिंत सोलून आणू नये, तिची साक्ष आणावी.

मी हे परदेशाकडे बोट दाखवून लिहीत असले तरी भिंतीवरून कागदावर येण्याचा अनुभव आपल्याकडे जुना आहे. १९६६–६७ च्या दुष्काळात भास्कर कुलकर्णी मिथिलेत गेले आणि कोहबराच्या भिंतीवर रंगविणाऱ्या स्त्रियांच्या हाती त्यांनी कागद दिला. त्यानंतर काही वर्षांनी ते डहाणूकडच्या वारली पाड्यांवर पोहोचले. तेथे लग्नघरात गेरूने सारवलेल्या कुडावर तांदळाच्या पिठाने चौक लिहिण्याचे काम सवाशिणींचे. चौकात पालघट देवी बसते, धवलेरी गाते, लग्न लागते. नंतर चौक आपसूक विटतो, आणि कोणी त्याची हळहळ करीत नाही. कागद आला, आणि त्यावर असामान्य प्रतिभेने रेखाटू लागले ते जिव्या सोमा म्हसे. त्यांना २०११ मध्ये पद्मश्री मिळाली, आणि ते सर्वथा उचित होते. परंतु चौक लिहिणाऱ्या त्या सवाशिणींची नावे आपल्यापैकी किती जणांना सांगता येतील? मिथिलेत कागदावरही स्त्रिया राहिल्या. सीतादेवी, गंगादेवी ही नावे देशभर झाली. वारली चित्रकलेत मात्र कागदावरची कीर्ती प्रथम पुरुषांच्या वाट्याला गेली. याचा दोष म्हसे यांना देणे अन्यायाचे होईल. भिंत सुटली की भिंतीभोवतीची माणसेही कशी सुटतात, एवढेच मला दाखवावयाचे आहे.

लोकसाहित्याच्या अभ्यासकांनी या अडचणीतून वाट काढलेली आहे, आणि संग्रहालयवाल्यांनी ती पाहण्याजोगी आहे. जात्यावरच्या ओव्यांचे संग्रह आपल्याकडे पूर्वीपासून निघत आले. सानेगुरुजींनी विषयवार लावलेल्या ओव्या वाचून कोणाचे डोळे ओलावले नाहीत? तथापि पुष्कळ जुन्या संग्रहांत ओवी आहे आणि बाई नाही. हेमा राईरकर आणि गी पॉइटव्हँ यांच्या पुढाकाराने जो एक लाखाहून अधिक ओव्यांचा संग्रह झाला, त्यात मात्र ओवीबरोबर गाणारणीचे नाव आणि गाव नोंदविलेले आहे. ओवी जात्यापासून तुटलीच. पण ती कोणत्या जात्यापासून तुटली हे आपणांस कळते. भिंतीवरील चित्राखालच्या पाटीवर चित्रकाराचे नाव, वर्ष आणि रंगाचा प्रकार लिहून भागत नाही. भिंत कोणाची होती, समोर कोण राहत होते, परवानगी होती की नव्हती, चित्र किती दिवस टिकले, कोणी आणि का पुसले, हे सारे त्याच पाटीवर यावयास हवे. जागा पुरत नसेल तर चित्र लहान करावे.

दिल्लीच्या लोदी कॉलनीत गेल्या दहाएक वर्षांत सरकारी निवासांच्या भिंतींवर देशविदेशांतील कलावंतांनी काढलेली चित्रे पुष्कळांनी पाहिली असतील. ती रीतसर परवानगीने काढलेली आहेत, प्रसन्न आहेत, आणि रविवारी तेथे छायाचित्रे काढणाऱ्या तरुणांची गर्दी असते. त्यांच्याविषयी मला तक्रार नाही. परवानगीच्या भिंतीवर काय लिहिले जात नाही, हा प्रश्न मात्र मनात राहतो, कारण एक बिनपरवान्याची भिंत माझ्या चांगल्या परिचयाची होती.

पूर्वी मी ज्या विद्यापीठात शिकवीत होते तेथे ग्रंथालयाकडे जाणाऱ्या वाटेवर एक लांबलचक भिंत होती. विद्यार्थी तिच्यावर हाताने रंगविलेली मोठमोठी पोस्टर्स खळीने चिकटवीत. शुल्कवाढ, वसतिगृहातील पाणी, दूरच्या कोणत्या तरी देशातील युद्ध, सर्व काही तेथे असे. एकच घोषणा हिंदी, बांगला, मलयाळम आणि क्वचित मराठी अशा चार भाषांत शेजारी शेजारी उभी राही. मराठी ओळ बहुधा लातूर-नांदेडकडची एखादी मुलगी लिहीत असावी. तिच्या अनुवादात मूळ घोषणेपेक्षा निराळाच खटका असे. मी तौलनिक साहित्य शिकविणारी बाई. दिवसातून दोनदा तेथून जात होते. एका उन्हाळ्याच्या सुटीत स्वच्छतेचा आदेश निघाला आणि सुटीवरून परतलो तो भिंत पांढरीशुभ्र. सभेत मी निषेधाच्या ठरावाच्या बाजूने हात वर केला. त्या सर्व वर्षांत मी एकही पोस्टर उतरवून घेतले नव्हते, की त्याचे छायाचित्र काढले नव्हते.

बर्लिनहून परतल्यावर जुनी छायाचित्रे शोधली. त्या भिंतीचे एकच सापडले, तेही निरोपसमारंभाचे. पुढे ओळीने विद्यार्थी उभे आहेत, मध्ये मी. माझ्या डाव्या खांद्यामागे मराठीतील तीन शब्द दिसतात. उरलेली ओळ माझ्या पाठीमागे आहे.