ड्रोन खाली उतरवा

जुलै 2025 मध्ये मराठ्यांचे बारा किल्ले जागतिक वारसा यादीत गेले. अकरा महाराष्ट्रातले आणि बारावा तमिळनाडूतला जिंजी. किल्ल्यांच्या चित्रफितींना आज तोटा नाही. पण बहुतेकांत ड्रोन ढगांतून येतो, बुरुजाभोवती घिरट्या घालतो आणि मागे ढोलताशे वाजत राहतात. डोळ्यांचे पारणे फिटते, वास्तू मात्र कळत नाही. रायगडाचा महादरवाजा घ्या. दोन बुरुजांच्या कुशीत तो असा वळवून बसवला आहे की, चढून येणाऱ्याला अगदी जवळ पोचेपर्यंत दिसू नये आणि दिसेल तेव्हा येणारा दोन्ही बुरुजांच्या माऱ्यात सापडलेला असावा. ही सारी युक्ती पायी येणाऱ्याच्या नजरेसाठी आहे. आकाशातून पाहिले की तिचा मुद्दाच उरत नाही. माणसाच्या उंचीवरून, चालत, न तोडता घेतलेले एकच दृश्य ती उलगडून दाखवते. चित्रपटाचे खरे बळ या हालचालीत आहे, आणि तेच आपण वाया घालवतो.

यावर कोणी म्हणेल, अचूक नोंद हवी तर लेझर स्कॅन करा. मापांसाठी ते हवेच. पॅरिसचे नोत्र दाम कॅथेड्रल 2019 मध्ये जळाले, तेव्हा कलेतिहासकार अँड्र्यू टॅलन यांनी आधी करून ठेवलेले स्कॅन कामी आले. पण घाण्यात चुना किती मळायचा, गूळ आणि बेलफळाचे पाणी कधी घालायचे, थापीवर तो कसा बसला म्हणजे तयार झाला, हे कोणत्याही मापात येत नाही. ते जुन्या गवंड्यांच्या हातात आहे आणि डागडुजी चालू असतानाच टिपता येते. आधी दुरुस्तीला पैसे द्या, चित्रीकरण ही चैन आहे, हा आक्षेपही टिकत नाही. इथे हेलिकॉप्टर किंवा नट नकोत. तिपाईवरचा कॅमेरा आणि कामाची जाण असलेला माणूस पुरे. धास्ती आहे ती चित्रफितींच्या जतनाची. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या 2003 मधल्या आगीत जुन्या नायट्रेट फिती खाक झाल्या. डिजिटल फाइलही अमरपट्टा घेऊन येत नाही. म्हणून प्रती दोन ठिकाणी हव्यात, आणि सोबत जागा, तारीख, कारागिराचे नाव हवे. नुसती चित्रफीत म्हणजे पत्ता नसलेले पाकीट.

पुरातत्त्व खात्याने दुरुस्तीच्या प्रत्येक निविदेत चित्रीकरणाची अट घालावी आणि न कापलेली फीत अभ्यासकांना खुली ठेवावी.